घरी कोणी कळवलं?

२६ जानेवारी, १ मे आणि १५ ऑगस्ट. वाचकांनी या तीन तारखा ध्यानात ठेवाव्यात. एकाच वर्षातल्या या तीन दिवशी, ध्वजवंदन झाल्यानंतर, भिवंडीतल्या एका सार्वजनिक वाचनालयात एका वाचक स्त्रीवर अन्याय झाला. जबाबदार व्यक्ती तीन आहेत. पहिली, वाचनालयाचे अध्यक्ष. दुसरी, त्यांचे कार्यवाह. तिसरी, वाचनालयाचा तत्कालीन मानद कायदेविषयक सल्लागार. हा तिसरा इसम मीच असल्यामुळे प्रस्तुत कथनात पक्षपात झालाच, तर तो माझ्या विरुद्ध झालेला असेल.

प्रकरण एका प्रश्नाचे आहे. वाचनालयातली लढायांवरची जवळजवळ सगळी पुस्तके, इतिहास असो वा कादंबरी, उघडून पाहा. जिथे जिथे शिपाई पडतो, तिथे तिथे समासात शिसपेन्सिलीने लिहिलेले दिसेल, निदान गेल्या १५ ऑगस्टपर्यंत दिसत असे: ‘घरी कोणी कळवलं?’ अक्षर टपोरे. शब्द संपला तरी वरची रेघ बोटभर पुढे गेलेली.

हे अक्षर सोनाबाई जाधवांचे. त्या माझ्याच मजल्यावर, समोरच्या दारात राहतात. पंच्याहत्तरी उलटलेली, अंगाने सुपारीएवढी, आवाज मात्र चार लूम चालू असताना पलीकडच्या माणसाला हाक मारण्यात घडलेला. हयातभर त्यांनी कारखान्यात कांड्या भरल्या, म्हणजे मागाच्या धोट्यात बसणारे सूत नळीवर गुंडाळण्याचे काम केले. नवरा पलटणीत शिपाई होता. एकाहत्तरच्या लढाईत गेला. एवढे सगळ्यांना माहीत होते आणि एवढेच माहीत असणे पुरेसे आहे, असा माझाही समज होता.

मी तीस वर्षे न्यायालयात लिपिक होतो. सोनाबाई मला ‘कोर्टसाहेब’ म्हणतात. त्यात आदर किती आणि टोमणा किती, याचा निवाडा मी राखून ठेवला आहे.

त्यांचे वाचन हा पुराव्याचा तपास असे. पुस्तक मांडीवर, पेन्सिल अंबाड्यात खोचलेली. मधूनच दार वाजायचे.

“कोर्टसाहेब, ह्या किल्ल्याच्या पुस्तकात बघा. ‘हजारो मावळे कामी आले.’ पुढच्या वळीला लगेच नगारं वाजाया लागलं. हजार घरी सांगाया कोन गेलं?”

“सोनाबाई, तो इतिहास आहे. इतिहासाला पुढे जावे लागते.”

“जाऊ दे की. एक मानूस मागं ठेवून जाऊ दे.”

कादंबरीकारांची तर त्या उलटतपासणीच घेत. एका कादंबरीत जखमी कप्तान आणि परिचारिका यांचे प्रेम जुळते. त्यावर सोनाबाईंचा समासातला अभिप्राय: ‘पट्टी बांधायला अर्धं पान, डोळं बघायला नऊ पानं. जखम चिघळंल.’ दुसरीत नायकाची पत्नी हसतमुखाने औक्षण करून पतीला रणांगणावर धाडते आणि नंतर पुस्तक संपेपर्यंत दिसत नाही. तिथे लिहिले आहे: ‘बाई कुठं गेली? जेवली का?’

शत्रूकडच्या शिपायांनाही त्यांनी वगळलेले नव्हते. आपल्या वीरांनी खंदकात कापून काढलेल्या परकी सैनिकांपाशीही तोच प्रश्न होता. मी त्याला हरकत घेतली, तेव्हा त्या म्हणाल्या, “त्यांच्या घरी काय दार न्हाय?”

आता २६ जानेवारी. वाचनालयात ‘रणभूमीवरील पराक्रम आणि वीरपत्नी’ या विषयावर व्याख्यान होते. व्याख्याते युद्धकथांचे लोकप्रिय लेखक होते. बोलता बोलता ते म्हणाले की, भारतीय वीरपत्नी डोळ्यांत पाण्याचा थेंब न आणता पतीला निरोप देते. पहिल्या रांगेतून सोनाबाई उठल्या. पांढऱ्या साडीला निळा काठ होता, नवऱ्याचे पदक नव्हे, वाचनालयाचे ओळखपत्र छातीवर लावलेले होते.

“साहेब, तुमी कोनाला विचारलं?”

“म्हणजे, बाई?”

“मी अकलोलीच्या फाट्यापासून बशीच्या मागं पळाले. चप्पल एक तिकडं, एक तिकडं. कंडक्टर सांगत व्हता, ताई, येईल परत, पडशील. रडले बी, शिव्या बी दिल्या. रजा वाढवून मागत न्हवता म्हनून दिल्या. ह्यो लढाईला गेला तो मी हसले म्हनून न्हाय गेला. तुमच्या सगळ्या बायका हसतात कशा?”

सभागृहात हशा पिकला. व्याख्याते शोभेल इतके हसले. अध्यक्षांना मात्र हसू आले नाही. त्यांनी माईक ओढून घेतला आणि म्हणाले, “बाई, बसा. तुमच्याबद्दल काय ते आम्ही तुम्हाला लेखी कळवू.”

सोनाबाई बसल्या. घरी येताना जिन्यावर त्यांनी मला दोनदा सांगितले, “लेखी कळवनार म्हनाले.” त्यांच्या चेहऱ्यावर समाधान होते. मी त्याची नोंद घेतली नाही, हा माझा पहिला गुन्हा.

दुसरा याहून मोठा आहे. मागच्याच आठवड्यात मी घरी नेलेल्या एका युद्धेतिहासाच्या समासात मला हा प्रश्न सतरा ठिकाणी सापडला होता आणि मी लेखी तक्रार केली होती. सार्वजनिक मालमत्तेचे विद्रूपीकरण, नियमाचा भंग, सभासदत्व रद्द करण्यास पात्र. तक्रार करताना अक्षर कोणाचे हे मला माहीत होते. नियम व्यक्ती पाहत नाही, असे मी स्वतःला बजावले. सभेतल्या प्रसंगानंतर कार्यवाहांना माझा कागद आयताच सापडला. त्यांनी मला नोटीस तयार करायला सांगितली आणि मी ती केली. तीस वर्षांच्या सवयीने इंग्रजीत केली. मुद्देसूद, तीन परिच्छेदांची, एकही चूक नसलेली नोटीस. तिचा मला त्या वेळी अभिमान वाटला होता, हेही नमूद करतो.

नोटीस टपालाने गेली. समोरच्याच दारात जायची होती, तरी टपालाने गेली. १ मे रोजी सकाळी हजर राहावे, सभासदत्व रद्द झाल्याची नोंद घ्यावी आणि ओळखपत्र परत करावे, असा तिचा आशय होता.

त्या सकाळी मी वाचनालयात कार्यवाहांच्या शेजारी बसलो होतो. ध्वजवंदन नुकतेच झाले होते. सोनाबाई आल्या. नवी पांढरी साडी, केसांत अबोलीचा गजरा, हातात पेढ्यांचा मोठा पुडा. त्यांनी दारात चपला काढल्या आणि पाकीट टेबलावर ठेवले.

“बोलावलंत. आले. सत्कार बसून व्हनार का उभ्यानं?”

कार्यवाह माझ्याकडे बघू लागले. मी छताकडे बघू लागलो. शेवटी नसीमा पुढे आली. नसीमा म्हणजे वाचनालयातली देवघेव सांभाळणारी मुलगी, इथल्याच जुन्या कोकणी मुसलमान घरातली. सोनाबाईंची पेन्सिल ती स्वतः टोक करून देत असे.

“आजी, हा कागद कोणाकडून वाचून नाही घेतला?”

“कशाला? आकडं वळखते, तारीख कळली. अध्यक्ष सर्वांसमोर बोलले व्हते ना, लेखी कळवू म्हनून. मी म्हटलं, गप्प जावं, गावभर कशाला सांगायचं.”

नसीमाने कागद वाचला. मग ती त्यांच्या शेजारच्या खुर्चीत बसली, त्यांचा हात हातात घेतला आणि मराठीत सगळे सांगितले. काही लपवले नाही आणि आवाजही चढवला नाही. मी तयार केलेले तीन परिच्छेद दोन वाक्यांत संपले.

सोनाबाईंनी पेढ्यांचा पुडा जवळ ओढला. मग त्यांनी दोरी सोडली.

“घ्या. आणलेत तर खा. इंग्रजी कागद आला का मी गोड वाटते. ही माझी खोड जुनीच हाय.”

पेढे वाटता वाटता त्याच सांगत गेल्या. नवऱ्याची पहिली तार आली होती ती रजेची. पोस्टमनने ‘रजेवर येतोय’ म्हणून सांगितले आणि तिसऱ्या दिवशी तो आला. लढाईत दुसरी तार आली, तेव्हा पोस्टमन बदली होता. तार घरात टाकून पुढे गेला. वाडीत इंग्रजी कोणाला येत नव्हते, ज्यांना येत होते ते मास्तर गावी गेले होते. तार म्हणजे रजा, हे सगळ्यांनाच ठाऊक होते. सासूने गूळ वाटला. सोनाबाईंनी अंगण सारवले आणि भाकरी बांधून अकलोलीच्या फाट्यावर जाऊन उभ्या राहिल्या. एक दिवस नव्हे, चार दिवस. प्रत्येक बस थांबली की त्या मागच्या दाराशी जात. संध्याकाळी भाकरी तिथल्या गरम पाण्याच्या झऱ्यावर आंघोळीला आलेल्या लोकांना देऊन टाकत आणि परत येत. पाचव्या दिवशी एका बसमधून मास्तर उतरले. तार त्यांनी फाट्यावरच वाचली.

“चार दिस मी नटून उभी व्हते, कोर्टसाहेब,” त्या मला म्हणाल्या. एकट्या मलाच म्हणाल्या. “तो गेला त्याचं समजतं. लढाई व्हती. पन ते चार दिस कोनाच्या खात्यात टाकू?”

त्यानंतर त्या भिवंडीत आल्या, दिवसा कांड्या भरल्या आणि विहारातल्या प्रौढ वर्गात वाचायला शिकल्या. पुन्हा कागद हातात घेऊन अडाण्यासारखे उभे राहायचे नाही म्हणून शिकल्या. “पन शिकले मराठी,” त्या म्हणाल्या, “आनी कागद येतात इंग्रजी.” छातीवरचे ओळखपत्र काढून त्यांनी टेबलावर ठेवले, पुड्यात उरलेला एक पेढा माझ्या हातावर ठेवला आणि चपला घालून निघून गेल्या. त्यांची मान ताठ होती. हे मी साक्षीदार म्हणून सांगतो.

१५ ऑगस्ट. ध्वजवंदनानंतर कार्यवाहांनी ‘ग्रंथस्वच्छता’ मोहीम काढली. उपस्थित प्रत्येक सभासदाला एक रबर आणि एक पुस्तक देण्यात आले. नसीमाने रबर घेतले नाही. “माझी ड्युटी पुस्तकं द्यायची आहे सर, खोडायची नाही,” एवढे बोलून ती काउंटरवर जाऊन बसली. बाकीचे मुकाट्याने खोडत होते. माझ्याही हातात एक कादंबरी आली.

मी पाने उलटत गेलो. ‘घरी कोणी कळवलं?’ खोडले. ‘घरी कोणी कळवलं?’ खोडले. शेवटाकडे एक प्रकरण होते. मेलेल्या शिपायाचा सोबती दोन दिवस चालत त्याच्या गावी जातो. त्याच्या बायकोसमोर जमिनीवर बसतो. झाले ते सांगतो आणि ती पाणी पिईपर्यंत उठत नाही. तिथे समासात तेच टपोरे अक्षर होते, रेघ पुढे गेलेली, पण प्रश्न नव्हता.

‘कळवलं. बरं केलं.’

मी रबर टेबलावर ठेवले. जागच्या जागी राजीनामा लिहिला, मराठीत. कादंबरी माझ्या नावावर नोंदवून घरी आणली. तिची मुदत केव्हाच संपली आहे. मी नियमभंग करीत आहे, तो जाणीवपूर्वक करीत आहे, आणि आयुष्यातल्या फारच थोड्या कृत्यांचा मला याच्याइतका अभिमान आहे. सोनाबाईंना पुस्तक दाखवले, तर त्यांनी मलाच दटावले. “परत द्या. दुसऱ्या कोनाला वाचायचं आसंल.” मग पान उघडून बराच वेळ मांडीवर धरून बसल्या.

म्हणून अध्यक्ष महोदय, माझी मागणी जाहीर आहे आणि तिचे उत्तरही जाहीर हवे. ज्या स्त्रीने मराठीत पुस्तके वाचली, तिला नोटीस इंग्रजीत का, आणि समोर उभे राहून बोलण्याऐवजी टपालाने का, हे आपण वाचनालयाच्या फलकावर मराठीत लिहावे. नोटीस माझी होती, माझा जबाब मी वर दिलेला आहे. सही आपली होती. ओळखपत्र घेऊन आपण स्वतः आमच्या मजल्यावर यावे, चपला बाहेर काढाव्यात, तिच्यासमोर जमिनीवर बसावे आणि सभासदत्व परत दिल्याचे तिला तोंडाने सांगावे. सांगून झाल्यावर ती पाणी पिईपर्यंत उठू नये. तांब्या मी भरून ठेवला आहे.