प्रतिवादी घरी नसताना

१२ डिसेंबर, गुरुवार, सकाळी साडेनऊ. हजर: फौजदार एक, पोलीस तीन, गवंडी दोन, कांबळेबाई आणि पंच म्हणून सोसायटीची सचिव, म्हणजे मी. गैरहजर: प्रतिवादी.

प्रतिवादी हा शब्द माझा नाही. कांबळेबाईंनी शेजारच्या जगतापसरांचा उल्लेख चार वर्षांत दुसऱ्या कुठल्याही नावाने केलेला नाही. "प्रतिवादींनी आज मेथी केलीय. फोडणी करपली," असे त्या भाजीवाल्यालाही सांगतात.

वाघोलीतल्या आमच्या रो हाऊसेसमध्ये कांबळेबाईंच्या स्वयंपाकघराच्या भिंतीची बाहेरची बाजू जगतापसरांच्या बोळात येते. भिंत ओलीने फुगली होती, आतला स्विचबोर्ड शॉक देऊ लागला होता. प्लास्टर बाहेरून करायचे, तर परांची बोळात बांधावी लागणार. सर कोणाला बोळात पाय ठेवू देत नव्हते. फाटकावर पाटीच लावली होती: 'आत येण्यापूर्वी कोर्टात जाऊन यावे.'

बाई खरोखरच गेल्या.

खडकीच्या कारखान्यात त्यांनी निवृत्तीपर्यंत स्टोअर सांभाळले. "नोंद आहे का?" हा त्यांचा पहिला प्रश्न, मग तुम्ही तक्रार घेऊन जा नाहीतर लग्नाचे आमंत्रण. वकिलांनी पुरावा मागितला, तशी त्यांनी वही सुरू केली. 'सात-दहा: प्रतिवादींनी मागचे दार आपटले. साडेसात: रेडिओ, मुद्दाम मोठा. चार: चहा. एकच कप.' वकील हरखले. कोर्टाने कामाला परवानगी दिली आणि सरांनी गवंड्याला दोनदा हाकलल्यावर एका दिवसाचा पोलीस बंदोबस्तही दिला.

तो हा दिवस. सर पूर्वी पीटीचे मास्तर, त्यामुळे मी कानात घालायला कापूस नेला होता. पण बोळ शांत.

"बरं झालं," फौजदार म्हणाले. "चला, बांधा परांची."

बाई वही उघडून उभ्या होत्या. "थांबा. सात-दहाला दार वाजलेलं नाही. रेडिओही नाही."

"गावाला गेले असतील."

"गावाला जाताना मला ऐकू येईल असं फाटकाशी ओरडून जातात. साहेब, भिंत राहू दे. आधी त्यांचं दार उघडा."

फौजदारांनी दार ठोठावले, हाका मारल्या. उत्तर नाही. "बाई, ऑर्डर भिंतीची आहे, दाराची नाही. आणि सहाला आम्ही निघणार. पुन्हा बंदोबस्त मिळायला किती महिने जातील, माहितीय ना?"

"लेखी देते," म्हणत बाईंनी वहीचे पान फाडले. त्या वहीचे पान! 'माझ्या जबाबदारीवर', खाली सही, वेळ. फौजदारांनी कागद खिशात घातला आणि गवंड्याला मान हलवून खूण केली. पहारीने दार निघाले.

सर न्हाणीघरात पडले होते, पहाटेपासून. खुबा मोडला होता, गारठ्याने आवाज बसला होता, पण शुद्धीवर होते.

"जगतापसर!" बाई ओरडल्या.

सरांनी एकेक खाकी गणवेश पाहून घेतला. "एका भिंतीसाठी केवढी फौज," ते पुटपुटले. मग बाईंकडे वळून म्हणाले, "चपला बाहेर काढा."

बाईंनी काढल्या.

रुग्णवाहिका येईपर्यंत वही माझ्या हातात होती. सुरुवातीची पाने वकिलांसाठी होती हे उघड होते. अलीकडची कोणासाठी होती, कोण जाणे. 'खोकला कालपेक्षा जास्त.' 'आज चहा नाही. दूध नासले असावे.' 'रेडिओवर जुनी गाणी. आवाज थोडा वाढवला असता तरी चालले असते.'

सहाला बंदोबस्त उठला. भिंत तशीच.

सर अजून दवाखान्यात आहेत. बाई रोज चारला थर्मास घेऊन जातात. माझ्या यादीतली कामे मी उरकली: सरांच्या दाराला नवी कडी लावली, त्यांच्या भाच्याला कळवले, बाईंच्या स्विचबोर्डाची लाइन बंद करून घेतली. उरलाय नव्या बंदोबस्ताचा अर्ज. टाइप करून दिलाय, तीनदा आठवणही करून दिली. शेवटी म्हटले, "अहो, बोळ रिकामा आहे. अडवायला कोणी नाही. आत्ताच गवंडी बोलावून मोकळ्या व्हा."

"प्रतिवादी घरी नसताना त्यांच्या बोळात पाय ठेवायचा नाही," बाई म्हणाल्या. "येऊ दे त्यांना. अडवू दे. मग करते सही."

अर्ज त्यांच्या वहीत आहे. सहीची जागा अजून कोरी आहे.