‘परवडत नाही’ची चौकशी

अतिश्रीमंत पोरापोरींच्या त्या मालिकेचं तिसरं पर्व रंगात आलं होतं आणि नायिका नियमाप्रमाणे दुःखात होती. दुःख कोणतं असावं, याचेही वाहिनीचे नियम होते. प्रेमभंग चाले, सावत्र आई चाले, पोहण्याच्या तलावाचं पाणी गार निघालं तरी चाले. पैशाचं दुःख मात्र वर्ज्य, कारण जाहिरातदारांना ते बघवत नसे. संवाद लिहिणारा, ज्याला सेटवर सगळे मास्तर म्हणत, हे नियम कोळून प्यायला होता. पुढच्या पर्वाला त्याला ठेवायचं की नारळ द्यायचा, हे लवकरच ठरणार होतं आणि घर त्याच्या एकट्याच्या जिवावर चाललं होतं.

नेमकी तेव्हाच माशी शिंकली. एका भागात नायिका मैत्रिणीला म्हणाली, “तुझा रुसवा मला परवडणार नाही गं.”

झालं! काचेच्या खोलीत चौकशी बसली.

“मास्तर, हिच्या वडिलांची दोन विमानं आहेत,” वाहिनीच्या प्रमुखबाई म्हणाल्या. “हिला न परवडायला काय झालं?”

“रुसवा हो, बाई! बोलायची पद्धत आहे ती. आमच्या घरी तर उठता बसता…”

“तुमच्या घरी. तेच म्हणतेय मी.”

इकडे प्रेक्षकांनी ध चा मा केला. नायिकेचे वडील बुडाले, अशी बोंब झाली. वाहिनीचे फोन खणाणले. एका आजीबाईंनी तर ‘पोरीला माझ्याकडे पाठवा, दोन घास सुखाचे खाईल’ म्हणून सांगितलं. मालिका एकदम पहिल्या क्रमांकावर गेली, तसा चौकशी समितीला साक्षात्कार झाला: वडिलांना खरंच बुडवा! नियमात दुरुस्ती करून गरिबीला मान्यता देण्यात आली. ती दिसायला सुंदर असावी, एवढीच अट.

मास्तरला आनंदाचं भरतं आलं. आयुष्यात पहिल्यांदा विषय ओळखीचा मिळाला होता. त्यानं आपलंच घर लिहून दिलं: दोन खोल्या, गळका नळ, आई खोकली की मोठा करावा लागणारा टीव्ही.

बाईंनी नाक मुरडलं. “इतकी गरिबी कुणाला खरी वाटणार? जरा अभ्यास करून लिहीत जा.”

शेवटी गरिबी बाहेरून मागवली. नायिकेला पाच खोल्यांचं पडकं घर मिळालं. तलाव एकच, तोही लहान. तिच्या कपड्यांना ठिगळं लावायला खास कारागीर आले. या गरिबीनं वाहिनीचं कंबरडं मोडलं, कुठेतरी काटकसर करणं भाग पडलं आणि सगळ्या माना मास्तरकडे वळल्या.

“गैरसमज नको, मास्तर,” बाई म्हणाल्या. “पण तुम्ही आता आम्हाला…” त्या अडखळल्या. त्या शब्दाची चौकशी अजून चालूच होती. “…झेपत नाही.”

मास्तर घरी आला. आई आणि बायको टीव्हीसमोर डोळे पुसत बसल्या होत्या.

“अगं, माझी नोकरी गेली.”

“शू! थांबा हो जरा,” बायको हुंदका आवरत म्हणाली. “बिचारीनं आज पहिल्यांदा स्वतःच्या हातानं दार उघडलंय!”

“जाहिरात लागली की सांग रे,” आई म्हणाली.

जाहिरात लागली. मास्तरनं तोंड उघडलं, तेवढ्यात आईनंच विचारलं, “तुला ठाऊक असेल ना? नेतात का रे पोरीला परत मोठ्या घरी?”

“मला आता कोण सांगणार, आई? नोकरी गेली म्हणतोय मी.”

“अगं बाई!” दोघींचे चेहरे खर्रकन उतरले. “म्हणजे आता आधी काहीच कळणार नाही?”

हसू नका. मास्तरच्या चुलीचं मरू द्या. ती पोरगी मोठ्या घरी परत गेली का, हे तुम्हालाही विचारायचंच आहे.