मॉरिशसची पाहुणी

आमच्या शेजारच्या मारुतीकाकांच्या अंगणात मराठी बोलायला बंदी होती. कढीपत्ता मागायला आलेल्या बायकांनाही ते ओठांवर बोट ठेवून फाटकाबाहेर नेत आणि मगच काय हवं ते विचारत. कारण अंगणात अर्ध्या ड्रममध्ये एक ताड होता. पंख्यासारखी, निळसर राखाडी पानं. भिंगारच्या छावणीतून बदलून गेलेल्या एका साहेबाने मॉरिशसचं बी रुजवून ते रोप काकांना दिलं होतं. काका लष्करी मेसमधले निवृत्त स्वयंपाकी, मूळचे शेवगावकडचे, घरात एकटेच. ताडाला ते पाहुणी म्हणत.

"लांबनं आलीया, तिला मराठी कुटलं कळतंय?" असं म्हणून ते तिला रोज सकाळी मेसमधलं इंग्रजी ऐकवत. गुड मॉर्निंग, टी रेडी, यस सर. तिथे त्यांचा साठा संपे.

ते दुष्काळाचं वर्ष. काका आपल्या अंघोळीचं पाणी ड्रममध्ये ओतत आणि स्वतः ओल्या पंच्याने अंग पुसून घेत. टँकरच्या रांगेतल्या बायका विचारत, पाहुणी माहेरी कधी जायची?

मी तेव्हा बी.ए. होऊन घरी बसले होते. शिक्षण सगळं इंग्रजीतून, पण चारचौघांत बोलायचं म्हटलं की नुसती पुटपुटायचे. शिक्षिकेच्या जागेची एक मुलाखत मी गप्प बसूनच घालवली होती. महिन्याभराने दुसऱ्या शाळेत जायचं होतं. तीही गेली की माझं लग्न उरकायचं, असं घरात ठरलं होतं.

एक दिवस काकांनी मला फाटकाबाहेर गाठलं. पाहुणीची दोन पानं पिवळी पडली होती.

"तेच तेच ऐकून कटाळलीय ती. तू बोलत जा रोज. पर पुटपुटायचं न्हाई, तिला ऐकू गेलं पायजे."

झाडासमोर कसली लाज, म्हणून रोज संध्याकाळी जाऊ लागले. आधी हवापाण्याबद्दल बोलले, मग कॉलेजबद्दल, शेवटी तर चक्क इतिहास शिकवू लागले. काका पायरीवर ज्वारी निवडत बसत. माझा आवाज पडला की मला खुणेने फाटकाबाहेर नेऊन म्हणत, "पाटीमागचं पान झोपलं बग."

दुसऱ्या मुलाखतीत खोलीच्या टोकाला बसलेल्या बाईंनाही ऐकू जाईल असं बोलले. नोकरी मिळाली.

पेढे घेऊन गेले तेव्हा काका ड्रमजवळ पाठमोरे बसले होते. पानांवरची धूळ पुसत, अगदी हळू, घरच्या माणसाशी बोलावं तसं चक्क मराठीत बोलत होते.

"लागली बग पोरगी नोकरीला. लई झ्याक झालं. आता सांजच्याला पुन्ना आपन दोगंच."

मी आत जाऊन पेढ्यांचा पुडा पायरीवर ठेवला आणि शेजारी बसले.

"शाळा सुटली की येत जाईन, काका," मीही मराठीतच म्हटलं.