रविवारी हसण्याची परवानगी

हसणं ही ज्याची त्याची खासगी बाब आहे असं म्हणणाऱ्याच्या घराच्या भिंती तरी जाड असतात, नाहीतर घरात विनोद तरी नसतो.

जर्मनीतल्या वुपरटाल शहरातल्या एका चारमजली इमारतीने हा प्रश्न कायमचा निकालात काढला होता. रविवारी भिंतीला भोक पाडणं, कपडे धुण्याचं मशीन लावणं, काचेच्या बाटल्या कचरापेटीत टाकणं आणि (रहिवाशांच्या गेल्या सभेपासून) हसणं बंद. रडायला हरकत नव्हती. रडणारा माणूस दार लावून घेतो.

तिथे वर राहणाऱ्या रोसव्हिटा हाकलेंडरबाईंची पंचाईत अशी, की भाच्याने, लेनार्टने, लिहिलेलं पहिलं प्रहसन टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमात नेमकं रविवारी भरदुपारी लागणार होतं.

"मावशी, आई माझ्या शिंकेलासुद्धा हसते," तो म्हणाला. "तू खोटं हसत नाहीस. मी फोनवर ऐकत राहतो. हसलीस तर लिहीन, नाहीतर बाबांच्या दुकानात फरश्या विकीन."

बाईंनी इमारतीचा कारभार पाहणाऱ्या, तळमजल्यावरच्या प्लोगर्टसाहेबांकडे रीतसर परवानगी मागितली.

"किती वेळ हसणार?"

"विनोदावर आहे ते."

"म्हणजे तयारी शून्य," साहेब हळहळले.

अचानक आलेलं हसू शेजाऱ्यांना दचकवतं. सबब विनोद आधी सादर व्हावा, असं ठरलं. लेनार्टने तो फोनवरून सांगितला, रहिवाशांनी जिन्यात उभं राहून तपासला. एक माणूस शवपेटी आखूड पडली म्हणून परत करायला जातो. दुकानदार म्हणतो, "ज्याच्यासाठी घेतली, त्यालाच यावं लागेल."

"पण पावती होती का त्याच्याकडे?" डेम्स्कीबाईंनी विचारलं.

(सत्तर टक्के रहिवाशांना विनोद कळला. उरलेल्यांनी भाडं कमी करून मागितलं.)

परवानगी मिळाली: हसू एक, मध्यम, खिडक्या बंद.

रविवारी सगळ्यांनी आपापले टीव्ही बंद ठेवून कान टवकारले. ते वाक्य आलं. बाईंना ते एव्हाना तोंडपाठ झालेलं. हसू काही येईना. फोनवर लेनार्टचा श्वाससुद्धा ऐकू येईना.

तेवढ्यात खालून प्लोगर्टसाहेब म्हणाले, "हाकलेंडरबाई, वेळ निघून चाललीय. हसताय, की परवानगी रद्द करू?"

बाई फुटल्याच. पोट धरून हसल्या, खुर्चीवरून घसरल्या, शेवटी हवा हवी म्हणून खिडकी उघडून हसल्या.

लेनार्ट आनंदाने रडला (नियमात बसतं) आणि लेखक झाला. आपलंच वाक्य लागू पडलं असं तो समजतो. जन्मात खोटं न हसलेल्या मावशीने तो गैरसमज तसाच राहू दिला. तिला मात्र घर सोडावं लागलं.

जागा रिकामी आहे. तुम्ही इथवर वाचलंत आणि तोंडातून साधा आवाजही काढला नाहीत. प्लोगर्टसाहेब तुमच्यासारख्याच भाडेकरूच्या शोधात आहेत.