पूजेला बसलेला स्क्रू

स्क्रू एकच होता, आणि तो टेबलावर नव्हता.

परीक्षितने पुन्हा पाहिलं. पांढऱ्या टॉवेलवर, काढलेल्या क्रमाने, सगळे भाग मांडलेले होते: लिव्हर, त्याच्या शेजारी बोल्ट, मग छोटासा इजेक्टर, आणि पलीकडे लाकडी दस्त्यासकट नळी. सकाळी लॅबला जाण्यापूर्वी त्याने फोटो काढून ठेवला होता. फोटोत लिव्हरच्या डावीकडे स्क्रू होता. टॉवेलवर तिथे काहीच नव्हतं. शिवाय सकाळी टेबलाच्या कडेला समांतर असलेला लिव्हर आता किंचित तिरपा होता. परीक्षित युनिव्हर्सिटीत धातूंवर संशोधन करायचा. ‘किंचित’ या शब्दाचा त्याला फार त्रास होई.

रायफल शेजारच्या म्हाताऱ्या वॉल्टची होती. शिकारीची, जुन्या पद्धतीची, ट्रिगरभोवतीचा लिव्हर खाली-वर करून चालवायची. वॉल्टची बोटं हल्ली थरथरत, बारीक स्क्रू धरता येत नसत, म्हणून साफ करायला त्याने ती परीक्षितला दिली होती. तीही सहज नाही. वॉल्ट पोस्टमनकडेसुद्धा पडद्याआडून बघणारा माणूस. देण्यापूर्वी त्याने लिव्हर उघडून चेंबर रिकामं असल्याचं दाखवलं, मग परीक्षितला आत करंगळी घालून चाचपायला लावलं, नळीखालचं मॅगझिनही रिकामं करून दाखवलं, आणि काडतुसं स्वतःच्याच घरात कुलपात ठेवली. परीक्षितने घरी आल्यावर ही सगळी तपासणी पुन्हा केली. वॉल्टवर अविश्वास म्हणून नव्हे. दुसऱ्याने घेतलेलं रीडिंग तो कधीच वापरत नसे, इतकंच.

आता थोड्याच वेळात वॉल्ट रायफल न्यायला येणार होता, कारण उद्या सकाळी त्याचा मुलगा काइल ती कायमची न्यायला ओहायोहून येणार होता. आणि लिव्हरचा स्क्रू नसेल तर लिव्हर बसत नाही, लिव्हर नसेल तर नळीचं मागचं तोंड बंद करणारा बोल्ट जागेवर राहत नाही. म्हणजे हातात उरते दस्ता लावलेली नळी.

“आश्लेषा, टेबलाला हात लावलास?”

सोफ्यावर लॅपटॉप घेऊन बसलेल्या बायकोने हेडसेटचं बटण दाबून मीटिंग म्यूट केली. “मी? त्या वस्तूला? जेवायच्या टेबलावर बंदूक ठेवलीस तर मी तिथे जेवणार नाही म्हटलं होतं ना? परवापासून मांडीवर ताट घेऊन जेवतेय मी, परीक्षित.”

“म्हणजे मोटिव्ह आहे.”

“एक्सक्यूज मी?”

“तुला ती घरात नको होती. आणि आता स्क्रू गायब आहे.”

“स्क्रू गायब झाला तर ती घरातून जाणारच नाही ना, यार! जरा लॉजिक लाव. मला ती आत्ताच्या आत्ता गेलेली हवीय. उलट मला तुझाच डाउट येतोय. दोन दिवस त्या नळीत टॉर्च मारून ‘काय सुंदर आहे’ म्हणतोयस. मला शेवटचं कधी म्हणालास?”

परीक्षितने हा मुद्दा तूर्त बाजूला ठेवला आणि स्वयंपाकघराकडे वळला. सुलभाताई, म्हणजे त्याची आई, पुण्याहून अमेरिकेत मुक्कामाला आलेल्या होत्या. मुलगा-सुनेची वादावादी सुरू झाली की एरवी त्या कढईवर उलथनं आपटून आपलं मत नोंदवत. आज त्या दुधी किसत होत्या, आणि अगदी गप्प होत्या.

“आई, तू पाहिलास का स्क्रू?”

“चहा ठेवू?”

“स्क्रू, आई.”

“आलं घालून ठेवते.”

परीक्षितचा संशय बळावला, पण पुराव्याशिवाय बोलणं त्याच्या स्वभावात नव्हतं. तो टेबलाशी परतला आणि बोल्ट दिव्याखाली धरला. खाचेत लालसर काहीतरी होतं. गंज? सकाळीच त्याने बोल्ट पुसून तेलाचा हात दिला होता, इतक्यात गंज चढणं शक्य नव्हतं. त्याने कापडाच्या पांढऱ्या चौकोनावर तो डाग टिपून घेतला, फ्रिजमधून लिंबाची फोड आणली आणि वर रस पिळला. लाल डाग हळूहळू पिवळा झाला.

हळद. हळदीत अल्कली मिसळलं की ती लाल होते, आंबट लागलं की पुन्हा पिवळी. आणि हळदीपासून केलेलं अस्सल कुंकू पुण्याहून डबीत घालून आणणारं माणूस या घरात एकच होतं.

“आई, बोल्टला कुंकू कसं लागलं?”

“लागलं नाही. लावलं.” सुलभाताईंनी किसणी खाली ठेवली. “आज खंडेनवमी. घरात शस्त्र असताना पूजा करायची नाही? तुझे बाबा कारखान्यातल्या लेथलासुद्धा हार घालायचे. गेल्या वर्षी तुमच्याकडे पूजायला मिक्सर मिळाला मला. यंदा पहिल्यांदा घरात खरं काही आलं!”

“आणि स्क्रू?”

त्या उठल्या आणि हॉलमधल्या टॉवेल ठेवायच्या कपाटाचं दार त्यांनी उघडलं. वरच्या फळीवर देव्हारा होता. ताम्हनात विड्याचं पान, पानावर तांदूळ, तांदळांवर गंध-फूल वाहिलेला स्क्रू.

“अख्खी बंदूक इथे मावेना,” त्या म्हणाल्या. “एक भाग बसला की सगळं शस्त्र बसलं.”

परीक्षितने हात पुढे केला. त्यावर चापट बसली.

“उद्या दसऱ्याला उत्तरपूजा झाल्याशिवाय हलवायचं नाही. पूजेला बसलेलं हत्यार वापरतात का कुणी? म्हणून तर हाच निवडला. दुसरं काही ठेवलं असतं तर तू जुगाड करून जोडली असतीस. हा नसला की तुझं काही चालत नाही, हे परवाच बघून ठेवलंय मी.”

तेवढ्यात बेल वाजली.

वॉल्ट आत आला, टेबलापाशी थांबला आणि टॉवेलवरचे भाग एकेक करून त्याने बघितले. “जोडलेली नाही,” तो म्हणाला.

“नाही.”

“स्क्रू कुठाय?”

परीक्षितला खोटं बोलता येत नसे. “कपाटात. त्याची पूजा चाललीय.”

वॉल्टचे डोळे बारीक झाले. त्याची नजर कापडाच्या चौकोनावर गेली, तिथून बोल्टच्या खाचेत. “हे लाल काय आहे? रक्त? बंदुकीने हरण मारायचा सीझन नोव्हेंबरात असतो.”

“कुंकू आहे ते. लिंबाने पिवळं होतं. करून दाखवू?”

“नको.”

“आणि काडतुसं तर तुमच्याच घरी आहेत.”

“म्हणून तर अजून पोलिसांना फोन केला नाही. स्क्रू दाखव.”

कपाटासमोर सुलभाताई उभ्या होत्या. त्यांनी त्याच्या पायांकडे बोट दाखवलं. “बूट!” वॉल्टला मराठी येत नव्हतं, पण त्याने मुकाट्याने बूट काढले. मोज्यांवर तो ताम्हनापुढे वाकला. समईच्या उजेडात त्याच्या स्क्रूवरचं गंध चमकत होतं.

“हा किती वेळ इथे राहणार?”

“उद्यापर्यंत. सॉरी, वॉल्ट. माझी आई ऐकतच नाही.”

“तोपर्यंत कुणालाच हलवता येणार नाही?”

“नाही.”

“काइललासुद्धा नाही?”

हा प्रश्न रागाने विचारलेला नाही, हे परीक्षितच्या उशिराच लक्षात आलं. वॉल्ट सावकाश सरळ झाला. “माझ्या बापाची रायफल आहे ती,” तो म्हणाला. “कित्येक वर्षांत मी एक गोळी झाडलेली नाही. भिंतीवर असते. सकाळी कॉफी पिताना समोर दिसते, एवढंच. काइल म्हणतो, तुमचे हात थरथरतात, तुमच्याजवळ नको. मला विचारलंसुद्धा नाही त्याने. आणि तो ती विकणार आहे असा मला संशय आहे.”

“काय म्हणतोय रे तो?” सुलभाताईंनी विचारलं. परीक्षितने भाषांतर केलं.

“हात थरथरतात म्हणून मुलाने परस्पर ठरवलं?”

“हो.”

“आणि माझी स्कूटी कुणी विकली?”

“आई, ती केस वेगळी आहे.”

“गुडघे दुखतात म्हणून. मला न विचारता. इथे बसून, ऑनलाइन.”

सोफ्यावर आश्लेषाने हेडसेट काढून ठेवला. मीटिंगपेक्षा इथे जास्त महत्त्वाचं काही घडत होतं.

वॉल्टने खिशातून फोन काढला. “काइल? उद्या येऊ नकोस. रायफल देता येत नाही. धार्मिक कारण आहे.” पलीकडून प्रश्न आला. “माझं नाही. शेजाऱ्यांचं. त्यांनी स्क्रू देवापुढे ठेवलाय... पिऊन नाही बोलत मी!” त्याने फोन परीक्षितपुढे धरला. “त्याचा विश्वास बसत नाही. म्हणतो, त्या सायंटिस्टला दे.”

परीक्षितने फोन घेतला. काइलचा आवाज थेट बापासारखाच होता. स्क्रू खरोखरच देवापुढे आहे का?

“हो,” परीक्षित म्हणाला. हे खरं होतं.

किती दिवस?

परीक्षितने उत्तर द्यायला तोंड उघडलं. सुलभाताई इंग्रजी बोलत नसल्या तरी हा एक प्रश्न त्यांना बरोबर समजला असावा.

“सांग त्याला, उत्तरपूजेचं मी पंचांग बघून कळवेन म्हणावं.”

“आई,” परीक्षित फोनवर हात ठेवून कुजबुजला, “उत्तरपूजा उद्याच असते. आत्ताच म्हणालीस तू.”

“स्कूटी,” सुलभाताई म्हणाल्या.

परीक्षितने आईकडे पाहिलं, वॉल्टकडे पाहिलं, मोज्यांवर उभ्या असलेल्या त्याच्या पायांकडे पाहिलं. मग घसा साफ केला आणि फोन कानाला लावला.

“काइल,” तो म्हणाला, “नेमकी तारीख सांगण्याइतका डेटा सध्या माझ्याकडे नाही.”