प्रमाणित बोलणी

आमच्या पायी खाद्यफेरीत तिसऱ्या थांब्यावर प्रवाशांना बोलणी खावी लागतात, ही बाब कंपनीच्या माहितीपत्रकात स्पष्ट नमूद केलेली आहे. पहिली फेरी सकाळी आठला सरोवराच्या उत्तर टोकापासून सुटते. एका गटात जास्तीत जास्त आठ माणसे, थांबे सात, चालणे अंदाजे तीन किलोमीटर, छत्री ज्याची त्याने आणायची. पहिल्या थांब्यावर वाफेवरची घावने, दुसऱ्यावर अंड्याची कॉफी आणि तिसऱ्यावर थोआ मावशी. मी या फेरीचा मार्गदर्शक. नाव कियेम, वय बेचाळीस, जन्म हनोईच्या याच जुन्या पेठेतला.

थोआ मावशी गेली एकतीस वर्षे बंद पडलेल्या शिंप्याच्या दुकानासमोर, बदामाच्या झाडाखाली, डुकराच्या पायांचा रस्सा आणि तांदळाच्या शेवया विकतात. भांडवल म्हणजे दोन पातेली, अकरा बुटकी प्लॅस्टिकची स्टुले आणि तोंड. मांसाचा तुकडा बोटाने दाखवून निवडणारा, रस्सा मागून घेऊन टाकणारा, फोनवर बोलत वाडगा धरणारा, असा कोणीही त्यांच्या तावडीतून सुटत नाही. मात्र त्या उगाच ओरडत नाहीत. आधी माणसाची चौकशी करतात, घरचे-दारचे सगळे काढून घेतात आणि मग हक्काने ओरडतात. लग्न करत नाही म्हणून मला पाच वर्षे बोलणी बसली. केल्यावर, त्या बिचारीचे काय वाटोळे केलेस, म्हणून पुढची अकरा वर्षे बसली.

त्यांचे सर्वांत जुने गिऱ्हाईक विन्ह गुरुजी. गुरुजींनी चाळीस वर्षे शाळेत भाषा आणि व्याकरण शिकवले. बायको गेल्यापासून एकटेच राहायचे. रोज नऊला येऊन डावीकडच्या टोकाच्या स्टुलावर बसायचे.

"गोळी घेतली का?" मावशी विचारायच्या.

"घेतली."

"खोटं बोलायला लाज वाटत नाही? पाकीट तर खिशातनं बाहेर डोकावतंय. शाळेत पोरांना कोंबडा केलंत आणि स्वतः बघा कसे वागताय. आधी गोळी, मग वाडगा. आणि मरायचं असेल तर घरी जाऊन मरा, इथं माझी स्टुलं आधीच कमी आहेत."

गुरुजी मान खाली घालून रक्तदाबाची गोळी घ्यायचे आणि मग शेवटच्या थेंबापर्यंत रस्सा प्यायचे. दिवसभरात त्यांच्याशी इतके बोलणारे दुसरे कोणी नव्हते.

आमच्या प्रवाशांना हा प्रकार फार आवडे. मी भाषांतर करून सांगायचो, पण जरा हात राखून. "या मुडद्यांना वाडगा तोंडाला लावायला कोणी शिकवलं नाही का?" याचे भाषांतर मी "आपले मनःपूर्वक स्वागत आहे" असे करत असे.

गेल्या वर्षी वॉर्ड कचेरीने पदपथ मोकळे केले. आमच्या गल्लीत तेवीस जणी बसायच्या, त्यातल्या एकट्या मावशी उरल्या. कारण कंपनीने खटपट करून त्यांचे नाव 'अस्सल अनुभव स्थळां'च्या यादीत घातले होते. यादीत नाव आहे तोवर झाडाखालची जागा त्यांची. नाव गेले की दुसऱ्या दिवशी पातेली ट्रकमध्ये. मावशींना हे पुरते ठाऊक होते. दुसरी जागा त्यांना नव्हती आणि दुसरे काही येतही नव्हते.

अशात एका प्रवासी बाईंनी आमच्या फेरीला दोन तारे दिले. सोबत लिहिले, 'चव अप्रतिम. परंतु मला बोलणी बसली नाहीत. शेजारच्या वृद्ध गृहस्थांना भरपूर बसली. माझ्या वाडग्यात मात्र विक्रेतीने एक जादा तुकडा घातला आणि माझा हात थोपटला. मला वगळण्यात आल्याची भावना झाली.'

आमच्या व्यवस्थापक न्हान मॅडम यांनी मला बोलावून घेतले. "तीन तक्रारी झाल्या की स्थळ यादीतून बाद. हा नियम मी केलेला नाही," त्या म्हणाल्या. नियम त्यांनीच केलेला होता, पण तो त्यांनी मागच्या पदावर असताना केला होता.

मी मावशींना जाऊन सांगितले की यापुढे आठही जणांवर ओरडायला हवे.

"का? काय केलंय त्यांनी?"

"काही नाही."

"मग कशावरून ओरडू? माझी त्यांची ओळख ना पाळख. कुठनं कुठनं आलेली माणसं, उन्हानं लाल झालेली, दया येते बघून. तुझी गोष्ट वेगळी. तू मूर्ख आहेस हे मला तू एवढासा होतास तेव्हापासून माहीत आहे."

"मावशी, जागा जाईल."

दुसऱ्या दिवशी त्यांनी एका उंच गृहस्थावर, केवळ त्याच्या उंचीबद्दल, तोंड टाकून पाहिले. गृहस्थ भारावला. त्याने उभे राहून टाळ्या वाजवल्या आणि पुन्हा एकदा ओरडाल का, आधीचे नीट चित्रित झाले नाही, अशी विनंती केली. मावशी पळी हातात धरून त्याच्याकडे बघतच राहिल्या.

तारे वाढले. फेऱ्या दिवसाला दोनाच्या पाच झाल्या. आणि मग वॉर्ड कचेरीचा 'सभ्य पदपथ पंधरवडा' सुरू झाला.

पदपथ अधिकारी फुंग साहेब वही घेऊन आले. पदपथाच्या हद्दीत उद्धट भाषणास मनाई, असा फलक त्यांनी बदामाच्या झाडाला लावला. त्याच झाडाला कंपनीचा फलक आधीपासून होता: 'येथे बोलणी हमखास.' मावशी ओरडल्या तर वॉर्ड कचेरी जागा काढून घेणार आणि गप्प बसल्या तर कंपनी यादीतून काढणार, असा हा पेच होता. फुंग साहेब मनाने वाईट नव्हते. मावशींच्या शेवया तेही खात असत. त्यांनी समिती नेमली.

समितीच्या चार बैठका झाल्या आणि ठराव आला. मावशींना चष्मा सापडेना म्हणून मीच तो वाचून दाखवला. 'ज्या ग्राहकास स्थानिक भाषा अवगत नाही, त्यास उद्देशून केलेले उद्धट भाषण हे सांस्कृतिक सादरीकरण समजण्यात यावे. ज्या ग्राहकास ती अवगत आहे, त्यास उद्देशून केलेले तेच भाषण असभ्य वर्तन समजण्यात यावे. सबब विक्रेतीने स्थानिक ग्राहकांस आदरार्थी संबोधावे.'

"म्हणजे नेमकं काय करायचं?" मावशींनी विचारले.

"ज्यांना कळत नाही त्यांच्यावर ओरडायचं. ज्यांना कळतं त्यांच्याशी गोड बोलायचं."

ठरावाला परिशिष्ट जोडले होते. त्यात मान्यताप्राप्त बोलणी तीन होती. एक, आपण फार सावकाश खाता. दोन, रस्सा सांडू नये. तीन, उठावे, मागे मंडळी खोळंबली आहेत. आवाज दोन मीटरवर ऐकू जाईल इतपत असावा आणि डावा हात कमरेवर असावा.

"हे ज्यानं लिहिलंय," मावशी म्हणाल्या, "त्याला आई नव्हती का रे?"

दुसऱ्या दिवशी नऊला गुरुजी आले. फुंग साहेब झाडाशी वही घेऊन उभे होते.

"या गुरुजी. बसावं. आपल्याला वाडगा देऊ का?"

गुरुजींनी मागे वळून पाहिले. मागे कोणी नव्हते. "थोआ, माझं काही चुकलं का?"

"छे हो. आपलं काय चुकणार."

गुरुजींनी अर्धा वाडगा तसाच ठेवला. जाताना मला बाजूला घेऊन म्हणाले, "कियेम, ही माझ्यावर रागावली आहे का रे?"

"नाही गुरुजी. रागवायला बंदी आहे."

गुरुजी कायद्याने चालणारे. त्यांनी ठराव मागवला, दोनदा वाचला आणि त्यातली वाट शोधून काढली. आपल्याला स्थानिक भाषा येत नाही, असा दाखला मिळाला की काम झाले. फुंग साहेबांनी सांगितले, रीतसर अर्ज करा. गुरुजींनी दीड पानी अर्ज केला. आठवड्याने उत्तर आले की अर्जाची भाषा निर्दोष असल्याने दाखला देता येत नाही. त्या उत्तरात तीन चुका होत्या. गुरुजींनी सवयीने त्या लाल शाईने दुरुस्त करून कागद परत पाठवला, आणि कचेरीने तो पुरावा म्हणून फायलीला लावला.

तरीही ते येत राहिले. आमचा गट बसलेला असला की ते थोडे सरकून बसायचे. मावशी कमरेवर हात ठेवून आठ परक्या माणसांवर परिशिष्टातले तिन्ही परिच्छेद ओरडायच्या. माणसे खुशीत हसायची आणि गुरुजी शेवया गार होईपर्यंत कान देऊन ऐकायचे. मला ते बघवत नसे. पण मी मार्गदर्शक, मी घड्याळाकडे बघून चौथ्या थांब्याची सूचना द्यायचो.

एका गुरुवारी गुरुजींना वाडगा दोन्ही हातांनी धरावा लागला. खिशातले गोळ्यांचे पाकीट जसेच्या तसे फुगलेले होते. मी पाहिले, मावशींनी तर माझ्याआधी पाहिले. त्यांनी तोंड उघडले. फुंग साहेबांनी वही उघडली. पंधरवड्याला मुदतवाढ मिळून तो तेव्हा पाचव्या महिन्यात होता.

"गुरुजी," मावशी म्हणाल्या, "आपली प्रकृती बरी आहे ना?"

इतके अदबीने विचारल्यावर माणूस जे उत्तर देतो तेच गुरुजींनी दिले. "उत्तम आहे. आभारी आहे."

त्याच दुपारी ते जिन्यात पडले. दहा दिवस इस्पितळात होते, डावी बाजू गेली होती. नंतर त्यांची मुलगी येऊन त्यांना आपल्या घरी, हाय फोंगला घेऊन गेली. मावशींना हे सांगणारा मीच. तेवढ्यात माझा गट आला आणि मावशींनी तिन्ही परिच्छेद अक्षर न चुकता ओरडून दाखवले. फुंग साहेबांनी वहीत 'उत्कृष्ट' असा शेरा मारला.

जागा राहिली. फेरीला आता पाचपैकी पाच तारे आहेत. मी सुटीच्या दिवशी एकटा गेलो तर मावशी मला "आपण बसावं" म्हणतात. फुंग साहेब आसपास नसले तरीही म्हणतात. मी एकदा मुद्दाम अर्धा रस्सा टाकून पाहिला. त्यांनी वाडगा उचलला आणि धुवायला टाकला.

प्रवाशाला कोणती बोलणी मानवतील याचा अंदाज यावा म्हणून कंपनीने नोंदणीच्या अर्जात हल्ली एक रकाना वाढवला आहे: 'आपल्यावर मोबदला न घेता शेवटचे कोण ओरडले, आणि केव्हा?' आवडता पदार्थ, चालण्याचा सराव, कशाचे वावडे आहे, हे सगळे रकाने लोक भराभर भरतात आणि इथे येऊन पेन थांबते. तुमच्याही मनात एव्हाना यायचे आले असेल, तर अवश्य या. शनिवार-रविवार भरलेले असतात, मधल्या वारी जागा मिळते. फक्त तेवढा एक रकाना घरूनच भरून आणा. इथे रस्त्यात उभे राहून आठवायला लोकांना फार वेळ लागतो, आणि बाकीचे सात जण ताटकळतात.