पहिल्याच पायरीवर मेलेलं पॅकेट

माझ्यासारखा नेटवर्क-गुप्तहेर शतकातून एखादाच जन्माला येतो. पगारपत्रकात माझं पद 'आयटी ॲडमिन' असं छापतात, पण सूर्याला कुणी बल्ब म्हटलं म्हणून त्याचा उजेड कमी होतो का? माझी नजर तारेच्या आरपार जाते. मी कीबोर्डवर बोट ठेवलं की पॅकेटं, म्हणजे तारेतून धावणारी माहितीची पुडकी, आपणहून कबुलीजबाब देतात. ऑफिसातले मला पाठीमागे 'बंद-करून-चालू-करा' म्हणतात. पोटदुखी, दुसरं काय!

आमची कंपनी लिफ्ट दुरुस्त करते. कुणी लिफ्टमध्ये अडकलं की फोन आमच्या तक्रार-टेबलावर येतो आणि तिथल्या बाई मेकॅनिकला पिटाळतात. हे फोन नेटवर्कवर चालतात, आणि नेटवर्क हल्ली मधूनच मान टाकत होतं. दोन मजल्यांमध्ये लटकलेला माणूस "हॅलो, हॅलो" करत राहायचा आणि फोन मुका व्हायचा.

"माझ्याकडे तर नेट धावतंय!" मालक म्हणाले. धावणारच. सगळ्यांना नेट वाटणारा राउटर त्यांनी हट्टाने स्वतःच्या केबिनमध्ये ठेवून घेतला होता. "बाहेर कोण घोळ घालतंय ते शोधा."

पुढच्या वेळी नेट गेलं तसा मी सरसावलो. आधी पिंग. पिंग म्हणजे समोरच्या यंत्राला "आहेस का रे?" अशी हाक मारायची. मी राउटरला हाक मारली. ओ आली नाही. मग ट्रेसराउट सोडला. निरोपाचा घात कुठल्या पायरीवर झाला, ते तो सांगतो. घात पहिल्याच पायरीवर झाला होता, माझं टेबल आणि मालकांची केबिन यांच्यामध्ये. दुसरा कुणी असता तर उठून तेवढी जागा बघून आला असता. पण इतका सोपा पुरावा मी मानत नाही. तो मुद्दाम पेरलेला असतो. मी निष्कर्ष काढला : परदेशी टोळी.

"परदेशी टोळीला आमच्या लिफ्टशी काय करायचंय?" तक्रारबाईंनी विचारलं.

"वर जायचं असेल," मी गंभीरपणे म्हणालो.

टोळी हाती लागेना. दरम्यान एक अनोळखी यंत्र नेटवर्कवर सारखं काहीतरी पुटपुटताना दिसलं. मी दबा धरून त्याला पकडलं. तो आमचाच प्रिंटर निघाला. कागद मागत होता.

मग मी हुकमी अस्त्र काढलं आणि येणारं-जाणारं प्रत्येक पॅकेट उघडून पाहिलं. जेवणाच्या सुट्टीत तक्रारबाई विणकामाचे व्हिडिओ बघत होत्या! मी अहवाल ठोकून दिला.

मालकांनी बाईंना केबिनमध्ये बोलावून दार लावलं. त्या आत होत्या तोवर नेट बंद. बाहेर आल्या आणि चालू!

"बघितलंत?" मालक खूश झाले. "दम दिला की सगळं सुरळीत चालतं."

त्या दिवसापासून नेट गेलं की एकेकाला आत बोलावून दम मिळू लागला. नेट आणखीच जाऊ लागलं, म्हणून दमही वाढला. शेवटी बाईंना महिनाअखेरीस काम सोडायला सांगितलं.

त्या डोळे पुसत माझ्या टेबलाशी आल्या. "विणकामामुळे फोन तुटतो, असं खरंच वाटतं तुम्हाला?"

मला तसं वाटत नव्हतं. पण अहवालात तसं लिहिलं होतं, आणि मी माझ्या अहवालाच्या शब्दाबाहेर नसतो.

दुसऱ्या दिवशी मालक हिशेबनिसाला आत घेऊन दम देत होते. इकडे बाई फोनवर कुणाला तरी धीर देत होत्या, "आजी, घाबरू नका. पुढचा पत्ता सांगा, मी माणूस—" आणि फोन मेला. पत्ता अर्धाच मिळाला होता. बाईंनी स्वतःचा मोबाइल काढला आणि त्या भागातला एकूणएक मेकॅनिक कामाला लावला. नेट परत आलं तरी त्या मोबाइलवरच होत्या.

जरा वेळाने एका मेकॅनिकचा हात धरून आजी स्वतःच ऑफिसात अवतरल्या. त्या मालकांच्या आई होत्या.

मालक तेव्हा बंद दाराआड पुढच्याला दम देत होते. आजींनी दार ढकललं, ते खालून अडलं; पुन्हा ढकललं आणि चप्पल कशात तरी अडकली.

"ही वायर दारात कुणी घातली रे? चेंगरून चपटी झालीय बघ!"

राउटरकडून आम्हा सगळ्यांकडे येणारी ती एकुलती एक तार होती. दार लावलं की चिरडायची, उघडलं की सुटायची. मालक दम द्यायला दार लावायचे, म्हणून नेट जायचं. नेट जायचं, म्हणून मालक दम द्यायचे.

"मला संशय होताच," मी म्हणालो. कुणी वळूनही पाहिलं नाही.

"आपलीच लिफ्ट, आपलाच फोन, आणि मी अंधारात!" आजी गरजल्या. "त्या पोरीने अर्ध्या पत्त्यावर माणूस धाडला म्हणून बाहेर आले. हा मेकॅनिक सांगत होता, तिलाच घालवतोयस म्हणे?"

"आई, जरा हळू. दार लावतो."

"नको सर," बाई हेडफोन सावरत म्हणाल्या, "लाइनवर माणूस अडकलाय."

दार सताड उघडं राहिलं. मी कर्तव्य म्हणून पिंग लावून बसलो. आजींचं बोलणं संपेपर्यंत एकही पॅकेट हरवलं नाही, आणि ऑफिसातल्या कुणाचा एकही शब्द हुकला नाही. शेवटी मालक "चुकलं, बाई. तुम्ही कुठेही जाऊ नका," असं अगदी हळू पुटपुटले. तेही शेवटच्या टेबलापर्यंत स्वच्छ पोचलं.